पहिल्या रुपयापासूनचा हिशेब : दख्खनमधील जमीन-गहाणाची खरी किंमत

घेतलेल्या रकमेच्या फेडीची हमी म्हणून स्थावर मिळकतीतील हक्क सावकाराच्या हाती देणे म्हणजे गहाण, अशी या व्यवहाराची व्याख्या कायद्याच्या पुस्तकांत आढळते आणि ती बरोबरही आहे. परंतु गहाणाची किंमत किती, या प्रश्नाचे उत्तर त्या व्याख्येत नाही आणि खतावर लिहिलेल्या व्याजाच्या दरातही नाही. दर महिन्याचा किंवा वर्षाचा असतो, गहाण मात्र दहा-बारा वर्षे आणि कित्येकदा दोन पिढ्या चालते, आणि या लांबलचक मुदतीत व्याज मुद्दलात मिसळते, पीक व्याजापोटी जाते, जुने खत फाडून नवे लिहिले जाते आणि शेताचा मालक आपल्याच शेतात खंडाने राबू लागतो. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांत एकोणिसाव्या शतकात ही सारी बेरीज कशी फुगत गेली आणि १८७९ च्या कायद्याने ती न्यायाधीशापुढे उलगडून मांडण्याची सक्ती कशी केली, हा महाराष्ट्राच्या आर्थिक इतिहासातील एक महत्त्वाचा आणि आजच्या कर्जदारालाही जवळचा वाटावा असा भाग आहे.

संस्कृत धर्मशास्त्रात गहाणाला ‘आधि’ म्हणतात. सावकाराने नुसता सांभाळून ठेवायचा तो गोप्य आधि आणि ज्याचे उत्पन्न त्याने खायचे तो भोग्य आधि, असे त्याचे दोन प्रकार स्मृतिकारांनी मानले आहेत. याज्ञवल्क्यस्मृतीप्रमाणे कर्जाची रक्कम दुप्पट झाली तरी न सोडवलेला गोप्य आधि बुडतो, भोग्य आधि मात्र कधीच बुडत नाही; कारण त्याचे फळ सावकार दरसाल घेतच असतो आणि मुद्दल परत मिळताच वस्तू मूळ मालकाकडे गेली पाहिजे, हा त्यामागचा न्याय आहे. तारण असलेल्या कर्जाला दरमहा ऐंशीवा भाग, म्हणजे वर्षाला शेकडा १५, हा व्याजाचा शास्त्रोक्त दर होता. दराहून महत्त्वाचा ठरला तो ‘दामदुपटी’चा नियम. एका वेळी वसूल करायच्या व्याजाची थकबाकी मुद्दलाहून अधिक होता कामा नये, म्हणजे शंभर रुपयांच्या कर्जापोटी कितीही वर्षे लोटली तरी एकदम दोनशेपेक्षा जास्त मागता येऊ नयेत, असा त्याचा अर्थ आहे. येथे एक बारकावा लक्षात घ्यायला हवा. वेळच्या वेळी भरलेल्या व्याजाची एकूण बेरीज मुद्दलाच्या तिप्पट-चौपट झाली तरी दामदुपट आड येत नाही. तुंबलेल्या व्याजालाच ती बांध घालते. या बांधाला वळसा घालण्याची वाटही नियमातच होती, कारण दोघांच्या संमतीने नवे खत लिहून तुंबलेले व्याज मुद्दलात मिळवले की त्या नव्या मुद्दलाची दामदुपट पुन्हा पहिल्यापासून सुरू होई. पुढे दख्खनमध्ये जे घडले त्याचे मूळ या वाटेत आहे.

मराठेशाहीत कुणबी कर्जमुक्त होता असे मानण्याचे कारण नाही. पेशवाई बुडाल्यानंतर लगेच, १८१९ मध्ये, इंग्रज अधिकारी एल्फिन्स्टनने जो अहवाल लिहिला त्यातही रयतेच्या कर्जबाजारीपणाची नोंद आहे. आणि त्याच्याही सुमारे पावणेदोनशे वर्षे आधी देहूच्या तुकोबांनी घराण्याच्या सावकारीतील खतांचे दोन वाटे करून धाकट्या भावाचा वाटा त्याच्या हाती दिला आणि आपला वाटा इंद्रायणीत सोडला, अशी कथा वारकरी परंपरा सांगत आली आहे. फरक होता तो वसुलीच्या साधनांत. मिरासी जमीन, म्हणजे वंशपरंपरेने चालणारी हक्काची जमीन, गहाण पडे आणि विकलीही जाई, पण तो व्यवहार पाटील, कुलकर्णी आणि गावकऱ्यांच्या डोळ्यांसमोर होई, आणि सावकाराच्या हाती तगादा, धरणे आणि पंचायत यांपलीकडे फारसे काही नसे. कुळाला पार बुडवले तर पुढच्या वर्षी व्याज कोठून यायचे, या विचाराने सावकारही हात राखून वसुली करी. गहाणाची किंमत तेव्हाही जड होती, परंतु तिला गावाची भीड नावाची एक मर्यादा होती.

इंग्रजी अंमलात ही मर्यादा एका झटक्यात नाहीशी झाली नाही. एकेक कायदा होत गेला आणि प्रत्येकाने तिचा एकेक दगड काढून घेतला. १८३५-३६ पासून इंदापूर तालुक्यात गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी जी रयतवारी मोजणी सुरू केली तिच्यामुळे प्रत्येक शेताला क्रमांक आणि तीस वर्षांसाठी ठरलेला सारा मिळाला, शेत खातेदाराच्या नावावर चढले आणि ते विकण्याचा व गहाण टाकण्याचा अधिकार त्याला मिळाला. शेतकऱ्याला मालकी देणारी ही सुधारणा होती यात शंका नाही, पण जे विकता येते त्यावरच कर्ज मिळते, आणि म्हणून त्याच सुधारणेने शेताला सावकाराच्या दृष्टीने किंमत आणली. १८२७ च्या मुंबई इलाख्याच्या नियमाने व्याजाची कमाल मर्यादा वर्षाला शेकडा १२ ठरवली होती. ती १८५५ च्या कायद्याने उठवली गेली आणि उभयतांत ठरेल तो दर न्यायालयाने मान्य करावा, असे धोरण आले. त्यानंतर १८५९ मध्ये मुदतीचा कायदा झाला. नोंदणी न केलेल्या साध्या रोख्यावरचा दावा तीन वर्षांच्या आत लावला पाहिजे, नाहीतर तो बुडेल, असे या कायद्याने ठरवले. जुनीपुराणी खते उकरून काढून रयतेला छळू नये हा त्याचा हेतू होता, आणि तो हेतू प्रामाणिक होता.

घडले मात्र उलटे. मुदत संपत आली की सावकार कुळाला बोलावून दोन गोष्टींपैकी एक निवडायला सांगे: दावा तरी सोस, नाहीतर नवे खत लिहून दे. कूळ नवे खत लिहून देई, आणि त्या खतात मागील मुद्दल अधिक तीन वर्षांचे व्याज मिळून जी रक्कम होई ती ‘रोख घेतली’ म्हणून लिहिली जाई. याचा परिणाम आकड्यांत पाहिला तर खुलासा होतो. शंभर रुपये दरमहा शेकडा दोन रुपये व्याजाने घेतले आणि काहीच फेड झाली नाही, असे धरले तर तीन वर्षांनी मुद्दल १०० आणि व्याज ७२ मिळून १७२ चे खत होते; त्यावर पुढील तीन वर्षांचे व्याज चढून २९६, नवव्या वर्षी ५०९ आणि बाराव्या वर्षी ८७५ रुपये होतात. मधली तीन खते लिहिली गेली नसती तर दामदुपटीप्रमाणे बारा वर्षांनी २०० रुपयांवर एक पैसाही मागता आला नसता. दर दोन्ही हिशेबांत एकच आहे. ८७५ आणि २०० यांतला फरक नुसत्या कागद बदलण्याचा आहे. रयतेच्या बचावासाठी आणलेल्या तीन वर्षांच्या मुदतीनेच व्याजाला व्याज लावण्याचे वेळापत्रक सावकाराच्या हाती दिले.

शिवाय खतावरचे शंभर रुपये कुळाच्या हाती शंभर म्हणून पडत नसत. मनोती, म्हणजे कर्ज देतानाच कापून घ्यायची रक्कम, स्टँपाचा खर्च आणि लिहिणाऱ्याची मजुरी वजा होऊन उरेल ते त्याचे, पण व्याज चालू होई ते पुऱ्या शंभरावर. बियाण्यासाठी आणि पोटासाठी घेतलेल्या धान्याची तऱ्हा वेगळी होती. ते सवाईने किंवा दिडीने फेडायचे, म्हणजे चार पायल्यांच्या जागी हंगामाला पाच किंवा सहा पायल्या घालायच्या. हा दर चार-सहा महिन्यांचा असल्यामुळे वर्षाच्या मानाने तो किती भारी पडतो हे उघड आहे. धान्याचे देणे पैशात मांडले जाई तेव्हा पेरणीच्या वेळी महाग धान्य खाती पडे आणि सुगीला स्वस्त भावाने जमा होई, ही आणखी एक न दिसणारी तूट होती.

गहाणखत नावाची वस्तू हाती घेऊन पाहिली तर या व्यवहारातील दोन पक्षांचे बळाबळ तिच्या मजकुरातच दिसते. वर लिहून घेणाराचे नाव सन्मानाने, खाली लिहून देणाराचे. ‘कारणे गहाणखत लिहून देतो ऐसाजे’ अशी सुरुवात. मग घेतलेली रक्कम, ती ‘भरून पावलो’ अशी कबुली, दरमहा दर शेकड्याचे व्याज, शेताच्या चतुःसीमा, म्हणजे पूर्वेस कोणाचे शेत, पश्चिमेस कोणता ओढा, दक्षिणेस कोणती वाट. आणि शेवटी साक्षी. लिहून देणाराला बहुधा अक्षरओळख नसे, म्हणून त्याच्या नावापुढे नांगराचे छोटेसे चित्र काढून ‘निशाणी नांगर’ असे लिहिले जाई, आणि तो नांगरही पुष्कळदा खत लिहिणाराच त्याच्या वतीने काढी. ज्या अवजाराने शेत कसले जाई त्याचेच चित्र, शेत ज्याने हातचे जाणार त्या कागदावर सही म्हणून उमटे. सावकाराच्या वहीत काय चढले आणि खतात किती रुपये पडले, हे कुळाला कळायचे ते वाचणाऱ्याच्या तोंडून. आणि वाचणारा बहुधा सावकाराच्या ओसरीवरचाच असे.

गहाणाचे तीन प्रकार दख्खनमध्ये रूढ होते आणि प्रत्येकाची किंमत वेगळ्या वाटेने वसूल होई. नजरगहाणात शेत कुळाच्याच ताब्यात राही आणि सावकाराची नुसती त्यावर नजर, म्हणजे फेड न झाल्यास न्यायालयामार्फत ते विकून घेण्याचा हक्क असे. येथे किंमत व्याजाच्या रूपाने, वर सांगितलेल्या खतबदलाने वाढे. ताबेगहाणात शेत सावकाराच्या ताब्यात जाई आणि पीक व्याजाऐवजी त्याने खायचे, असे ठरे. या प्रकारात व्याज चढत नाही म्हणून तो कुळाला बिनधोक वाटे, पण हिशेब केला की दिसते ते असे: २०० रुपयांना गहाण टाकलेल्या शेताचे खर्च वजा जाता वर्षाचे उत्पन्न ४० रुपये धरले तर पंधरा वर्षांत सावकाराच्या घरी ६०० रुपये जातात आणि मुद्दल २०० चे २०० जागेवरच राहते. त्यातही अनेकदा सावकार शेत कसायला त्याच कुळाच्या हाती देई, त्याच्याकडून सालोसाल कबुलायत लिहून घेई आणि व्याजाची जागा खंड घेई. खंड थकला की दावा गहाणदाराचा राहत नसे, तो मालक विरुद्ध कूळ असा होई, आणि खातेदाराला त्याच्याच शेतातून भाडेकरू म्हणून काढता येई. मराठीत ऋणकोलाही कूळ म्हणतात आणि खंडाने जमीन कसणाऱ्यालाही कूळच म्हणतात. एकाच माणसाने हे दोन्ही अर्थ एकदम भोगावेत, अशी स्थिती या व्यवहाराने शेकडो गावांत आणली.

तिसरा प्रकार मुदतखरेदीचा. ठरलेल्या मुदतीत पैसे परत केले तर शेत परत, न केले तर हेच खत कायमचे खरेदीखत समजावे, असा त्यातला करार असे. ज्या गहाणखतात हे कलम असे त्याला ‘गहाण-लहाण’ म्हणत. लहाण हा शब्द लाहणे, म्हणजे मिळणे, या अर्थाचा आहे, आणि मुदत टळताच गहाण ते सावकाराला लाहिले, असे त्या जोडशब्दातून सांगितले जाई. बाजारभावाच्या निम्म्याने किंवा तिजाईने दिलेल्या रकमेत पुरे शेत जाई, म्हणून या प्रकारात गहाणाची किंमत म्हणजे शेताचा भाव आणि कर्जाची रक्कम यांतले सबंध अंतर होते. १८६४ मध्ये रामजी विरुद्ध चिंतो या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने या प्रघाताला मोठा छेद दिला. व्यवहार मुळात कर्जाच्या हमीचा असेल तर मुदत टळल्याने तो विक्री बनत नाही, आणि कर्ज फेडून जमीन सोडवण्याचा हक्क कुळापाशी राहतो, असे तत्त्व न्यायालयाने लावले. हेच विमोचनाच्या हक्काचे, म्हणजे गहाण सोडवून घेण्याच्या अधिकाराचे तत्त्व इंग्लंडच्या न्यायालयांतून आले होते, आणि भोग्य आधि बुडत नाही हे याज्ञवल्क्याचे वचन त्याला दूरचे नव्हते. परंतु हक्क उच्च न्यायालयात सिद्ध झाला तरी तो बजावायला वकील, स्टँप आणि तालुक्याच्या ठिकाणचे हेलपाटे लागत, आणि बहुसंख्य दाव्यांत कूळ हजरच राहत नसल्यामुळे हुकूमनामे एकतर्फी होत.

१८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेतील यादवी युद्धामुळे कापसाचे भाव चढले, सावकारांनी हात सैल सोडला, शेतांची किंमत वाढली आणि त्या वाढलेल्या किमतीवर कर्जे उभी राहिली. युद्ध संपले, भाव कोसळले, कर्जे मात्र चढलेल्या आकड्यांची तशीच राहिली. त्यातच इंदापूरसारख्या तालुक्यांत तीस वर्षांची मुदत संपून १८६७ च्या सुमारास साऱ्यात मोठी वाढ झाली. १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातील सुपे येथे बाजाराच्या दिवशी जमलेल्या लोकांनी सावकारांच्या घरांवर चाल करून खते आणि हुकूमनामे मागितले आणि ते जाळले. पुढल्या काही आठवड्यांत पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांतील अनेक गावांत हेच घडले. दंगलखोरांचा रोख माणसांपेक्षा कागदांवर होता, ही या उठावाची सर्वांत बोलकी बाब आहे. आपण घेतलेले पैसे कधीच फिटले, उरला आहे तो कागदावर वाढलेला आकडा, अशी त्यांची समजूत होती; तिला पुराव्याचा आधार नव्हता, कारण पुरावा म्हणजे तोच कागद, आणि तो सावकाराच्या पेटीत होता.

चौकशीसाठी नेमलेल्या आयोगाने पाहणी केलेल्या गावांत सुमारे एक तृतीयांश खातेदार कर्जात बुडालेले आढळले, त्यांचे कर्ज सरासरीने त्यांच्या वार्षिक साऱ्याच्या अठरा पट होते आणि त्यातील जवळजवळ दोन तृतीयांश कर्जाला जमिनीचे गहाण होते. हे आकडे आजच्या वाचकालाही थांबायला लावतात. मुद्दलाचा एक रुपया फेडण्याआधी अठरा वर्षांच्या साऱ्याइतकी रक्कम ज्याच्या डोक्यावर आहे, त्याच्या बाबतीत फेड या शब्दाला काही अर्थ उरत नाही.

पाठोपाठ १८७६ ते १८७८ चा दुष्काळ पडला, १८७९ मध्ये वासुदेव बळवंत फडक्यांचा उठाव झाला, आणि त्याच वर्षाच्या नोव्हेंबरपासून सुरुवातीला सांगितलेल्या चार जिल्ह्यांत ‘दख्खन शेतकरी साहाय्य कायदा’ अंमलात आला. या कायद्याचे मर्म त्याच्या १२ व्या आणि १३ व्या कलमांत आहे. दावा कोणत्याही खतावर असो, न्यायालयाने त्या खतापाशी न थांबता उभयतांच्या व्यवहाराची सुरुवात जेथून झाली तेथपर्यंत मागे जावे, मुद्दल आणि व्याज यांचे दोन वेगळे हिशेब मांडावेत, मधल्या खतांनी मुद्दलात मिळवलेले व्याज मुद्दल समजू नये, व्याज सरळच धरावे, ठरलेला दर अवाजवी वाटल्यास वाजवी दर लावावा, कुळाने दिलेली रोकड, धान्य, पीक आणि केलेली चाकरी सुद्धा त्याच्या नावे जमा धरावी, ती आधी व्याजात आणि उरल्यास मुद्दलात वळती करावी, आणि शेवटी व्याजाची बाकी मुद्दलाच्या बाकीहून अधिक निघाली तर दामदुपटीवर थांबावे, असा हा हिशेब होता. खत म्हणजे व्यवहाराचा शेवटचा शब्द, या इंग्रजी करारकायद्याच्या भूमिकेपासून इतके मागे फिरणारा कायदा त्या काळात विरळाच म्हणावा लागेल, आणि तो करणाऱ्यांना यासाठी श्रेय दिले पाहिजे.

हा हिशेब काय करतो ते मघाच्याच शंभर रुपयांवर लावून पाहता येते. समजा कुळाने बारा वर्षे दरसाल १५ रुपयांचे धान्य सावकाराच्या घरी घातले. शेकडा २४ व्याज आणि दर तीन वर्षांनी नवे खत या रीतीने खाते मांडले तर तीन वर्षांनी १२७, सहा वर्षांनी १७३, नऊ वर्षांनी २५३ आणि बारा वर्षांनी ३९१ रुपये बाकी निघते. १८० रुपये भरूनही देणे मुळाच्या जवळजवळ चौपट होते. कायद्याच्या रीतीने, तोच २४ चा दर कायम ठेवून, सरळ व्याज धरले तर दरसाल नऊ रुपये व्याज तुंबत जाऊन १०८ होते आणि दामदुपटीने एकंदर बाकी २०० वर थांबते. न्यायालयाने दर शेकडा १२ वाजवी ठरवला तर दरसालच्या भरण्यातून व्याज भागून थोडे मुद्दलही कमी होत जाते आणि बारा वर्षांनी अवघे २८ रुपये उरतात. ३९१, २०० आणि २८ हे तिन्ही आकडे एकाच उसनवारीचे, एकाच शेताचे आणि एकाच धान्याचे आहेत. गहाणाची किंमत दराने जेवढी ठरते तितकीच हिशेबाच्या रीतीने ठरते, हे याहून स्वच्छ दाखवता येणार नाही.

याच कायद्याने शेतकऱ्याला पैशाच्या हुकूमनाम्यासाठी तुरुंगात टाकणे बंद केले, दाव्यांच्या मुदती वाढवून तीन वर्षांनी खत बदलण्याची निकड कमी केली, आणि पावती, सालअखेरचा उतारा व खातेपुस्तक मागण्याचा हक्क कुळाला दिला. या शेवटच्या हक्काचा उपयोग फारसा झाला नाही. ज्याच्याकडे पुढच्या पेरणीला पुन्हा जायचे त्याच्याकडे लेखी हिशेब मागणे म्हणजे त्याच्यावर अविश्वास दाखवणे, आणि पेरणी तर दरसाल यायचीच. कागदावरचा हक्क आणि ओसरीवरची भीड यांतले हे अंतर कायद्याला बुजवता आले नाही. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांनी या कायद्याखालील कामात अनेक वर्षे घालवली आणि पुढे विशेष न्यायाधीश म्हणून त्याच्या अंमलबजावणीवर देखरेख केली. हिशेब सुधारला तरी कर्ज देणारा दुसरा कोणी नसेल तर कूळ त्याच दारात परत जाणार, हे रानडे आणि सनदी अधिकारी विल्यम वेडरबर्न ओळखून होते. १८८० नंतरच्या काही वर्षांत पुरंदर तालुक्यात शेतकी पेढी काढण्याची योजना वेडरबर्न यांनी पुढे रेटली, पण लंडनहून तिला मंजुरी मिळाली नाही. जोतीराव फुले यांनी १८८३ मध्ये पूर्ण केलेल्या ‘शेतकऱ्याचा असूड’ या ग्रंथात सावकार, भटकामगार (म्हणजे ब्राह्मण अधिकारी) आणि सरकारी कचेऱ्या या तिहींच्या जोडीने शेतकरी कसा नागवला जातो हे मांडले, तेही याच वर्षांत.

सावकारांनीही वाट शोधली. गहाणाचा हिशेब मुळापासून उकलला जातो ना, मग गहाणखत लिहायचेच नाही. सरळ खरेदीखत लिहून घ्यायचे आणि पैसे आले की शेत परत देण्याचे वचन तोंडी द्यायचे. शिवाय, खास गहाण न टाकलेली जमीन साध्या कर्जासाठी जप्त होणार नाही, असे कलम कायद्यात असल्यामुळे साध्या रोख्यावर कर्ज देणेच आटले आणि पहिल्याच कर्जाला सावकार शेत लिहून मागू लागला. अशा खरेदीखतांच्या मागे खरोखर गहाण आहे काय हे तोंडी पुराव्यावरून तपासण्याची मुभा न्यायालयांना १९०७ च्या दुरुस्तीने दिली, तोवर अठ्ठावीस वर्षे लोटली होती. दरम्यान १९०१ मध्ये सरकारने सारा थकून खालसा झालेल्या जमिनी परत देताना परवानगीशिवाय विकता किंवा गहाण टाकता येणार नाहीत, अशा अटीवर देण्याचा कायदा आणला. फिरोजशहा मेहतांनी निषेध म्हणून सभात्याग केला आणि गोपाळ कृष्ण गोखल्यांनी त्याविरुद्ध भाषण केले. ‘नवी शर्त’ म्हणून सातबारावर आजही दिसणारी नोंद त्या कायद्याची वंशज आहे. १९२९ मध्ये मिळकत हस्तांतर कायद्यात झालेल्या दुरुस्तीने मात्र पारडे पुन्हा फिरले: परत देण्याची अट त्याच खरेदीखतात लिहिलेली नसेल तर तो व्यवहार गहाण समजू नये, असे ठरले, आणि दोन वेगळे कागद करण्याचा, एक खरेदीचा आणि दुसरा जमीन परत देण्याच्या कराराचा, प्रघात सर्वत्र बळावला. खाजगी सावकारीच्या तक्रारींत तो आजतागायत आढळतो.

लांब मुदतीच्या जमीन-कर्जासाठी निराळी संस्था हवी, हा रानडे-वेडरबर्न यांचा विचार मुंबई इलाख्यात प्रत्यक्षात उतरायला १९३५ साल उजाडले, जेव्हा प्रांतिक सहकारी भूतारण बँक स्थापन झाली. जुनी कर्जे तडजोडीने उतरवण्याचे कायदे १९३९ आणि १९४७ मध्ये आले आणि त्यांनी १८७९ च्या कायद्याची जागा घेतली. भूतारण बँकांनी शेतकऱ्याच्या गहाणात हप्तेबंदीची नवी रीत रुजवली. या रीतीत दर हप्त्यात आधी त्या काळाचे व्याज आणि उरलेले मुद्दल वळते होते, म्हणजे १३ व्या कलमाची जमा-वळतीची रीत येथे कराराचाच भाग बनली. पण लांब मुदतीचा भार तिनेही हटत नाही. आज शहरात घेतलेल्या ३० लाखांच्या गृहकर्जाला वर्षाला शेकडा ९ दराने २० वर्षांचा मासिक हप्ता सुमारे २६,९९२ रुपये येतो. पहिल्या हप्त्यातील २२,५०० व्याजात जातात आणि अवघे ४,४९२ मुद्दलात, आणि वीस वर्षांत एकूण भरणा सुमारे ६४ लाख ७८ हजार होतो. मुदत १५ वर्षे धरली तर हप्ता सुमारे साडेतीन हजारांनी वाढतो आणि एकूण भरणा जवळजवळ दहा लाखांनी घटतो. वीस वर्षांच्या कर्जात व्याज मुद्दलाहून अधिक भरले जाऊनही दामदुपटीचा नियम येथे कोठेच मोडत नाही, कारण काहीच तुंबत नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून रिझर्व्ह बँकेने नव्या किरकोळ कर्जांबरोबर सर्व शुल्के धरून निघणारा वार्षिक दर आणि फेडीचे वेळापत्रक एका तक्त्यात लिहून देण्याची सक्ती केली आहे. १८७९ मध्ये कुळाने मागायचा असलेला हिशेब आता धनकोने न मागता, आणि सही होण्याआधी द्यायचा आहे.

भूतारण बँकांची वारस असलेली भूविकास बँक पुढे थकबाकीत बुडाली आणि अवसायनात गेली, परंतु तिच्या कर्जाचा बोजा शेतकऱ्यांच्या सातबारावर ‘इतर हक्क’ या रकान्यात राहिला. बोजा असलेल्या शेतावर दुसरी बँक कर्ज देत नाही, वाटणी आणि विक्री अडते, आणि कर्ज देणारी संस्थाच कर्ज देईनाशी झाल्यावरही गहाणाची किंमत पीक-कर्ज न मिळालेल्या प्रत्येक हंगामात चालू राहते. २०२२ मध्ये राज्य सरकारने सुमारे ३५ हजार शेतकऱ्यांचे ९६४ कोटींच्या घरातील हे देणे माफ केले, आणि त्यानंतर तलाठ्याच्या दप्तरात एकेका सातबारासाठी बोजा कमी करण्याचा फेरफार लिहिण्याचे काम सुरू झाले.